खदानीच्या पाण्यावरचे व्हले

पत्र गिरणीतच आलं. पट्टा चालू होता, हात कोपरापर्यंत पिठात होते, तसंच फोडलं. नागपूरच्या ज्या पक्षी-संस्थेला मी सहा हिवाळे व्हल्यांची मोजणी पाठवत होते, तिथल्या साहेबांनी लिहिलं होतं की आपले आकडे जिल्ह्यातल्या दुसऱ्या कुठल्याच मोजणीशी जुळत नाहीत. मी स्वतः येऊन पाहणार आहे. प्रत्यक्षात तसं आढळलं नाही, तर सहाही वर्षांच्या नोंदी वगळाव्या लागतील. खाली सही, अनय पुसदकर. यायची तारीख डिसेंबरातल्या दुसऱ्या शनिवारची, साल २००१.

वगळाव्या लागतील. किती धुतलेला शब्द. आमच्याकडे एखादीला खोटारडी म्हणायचं असलं तर निदान दारात उभं राहून म्हणतात.

मी मॅट्रिक फेल आहे, हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढे कोणी शोधून काढल्याचा आव आणायला नको. आमचं गाव जाम चौरस्त्यापासून सहा किलोमीटर आत. नवऱ्याचं, योगेंद्रचं, जामला ट्रकच्या टायरचं दुकान. घरची पिठाची गिरणी मी चालवते. सासरे प्रभाकरराव ओसरीवर बसून गिऱ्हाइकांना राजकारण समजावतात.

गिरणी म्हटली की दाणा सांडणार, आणि दाणा सांडला की व्हले येणार. घरचा बारका व्हला, कबुतराचा धाकटा भाऊ, बारा महिने पायात घोटाळतो, त्याचं काही कौतुक नाही. पण १९९४ च्या दिवाळीनंतर त्यांच्यात एक वेगळाच दिसला. अंगानं दांडगा, रंगानं काळसर, पाठीवरच्या पिसांना तांबूस काठ, जणू मासोळीचे खवले. मानेवर काळ्या-पांढऱ्या रेघांचा ठिपका. माणूस दिसलं की घरचा व्हला दोन पावलं सरकतो, हा थेट उडून जायचा. होळी आली आणि सगळे एकदम गायब झाले. पुढच्या दिवाळीनंतर पुन्हा हजर.

गावात विचारलं. सगळ्यांचं एकच उत्तर, व्हला त व्हला, त्यात काय पाह्यचं. शेजारच्या आनंदाबाईंनी तर दम दिला. व्हला घरावर बसला की घर ओस पडतं, त्याला हाकल, त्याच्याकडे पाहत काय बसतेस. पेपरात एका संस्थेचा पत्ता सापडला, तिथं कार्ड टाकलं. महिन्याभरानं उत्तर आलं. हा पक्षी हिमालयाच्या बाजूनं हिवाळ्यापुरता खाली येतो, तुमच्याकडे किती येतात ते मोजून कळवा, असं लिहून सोबत छापील फॉर्म जोडले होते. पुस्तकातलं नाव लांबलचक होतं. मी त्याला पाहुणा व्हला म्हणू लागले.

मोजायचे नियम कडक. एक रस्ता ठरवायचा, तीन किलोमीटरचा. त्यावर बारा जागा. प्रत्येक जागी पाच मिनिटं उभं राहायचं, दिसले तेवढेच लिहायचे, अंदाज नाही. दिवस उजाडल्यापासून नऊच्या आत. दर आठवड्याला, नोव्हेंबर ते फेब्रुवारी. मी शाळेपासून नाल्याच्या रपट्यापर्यंतची, म्हणजे बुटक्या पुलापर्यंतची, पांदण धरली. दोन्ही बाजूंना शेतं आणि मधून बैलगाडीची वाट. दर रविवारी, थंडी असो की ताप असो. मागून लोक हसायचे. व्हलेवाली बाई निघाली, म्हणायचे. हसले तर हसले, माझे पाय काही दुखले नाहीत.

पहिल्या हिवाळ्यात एका रविवारी दोनशे चाळीस पाहुणे दिसले. मागच्या हिवाळ्यात सगळ्यात जास्त दिसले ते एकशे पासष्ट. उतार का लागला, ते मला पुस्तकाशिवाय माहीत होतं. ज्या घरची ज्वारी दळायला यायची, त्या घरचा रेशनचा गहू यायला लागला होता. शिवारात सोयाबीन शिरलं होतं, आणि व्हल्याला ज्वारी लागते. जे आकडे साहेबांना फार मोठे वाटत होते, ते माझ्या डोळ्यांसमोर लहान होत चालले होते. आता ते वगळले, म्हणजे उद्या शेवटचा पाहुणा यायचा थांबला की कोणाला कळणारसुद्धा नाही की इथं कोणी येत होतं. माझी अब्रू गेली तर गेली. हे पुसलं जाणं मला सहन होणारं नव्हतं.

तर शनिवार उजाडला. योगेंद्रनं पहाटेच राजदूत फटफटी काढली आणि साहेबांना जामच्या बसवरून घेऊन आला. पुसदकर साहेब पस्तिशीचे असतील. गळ्यात दुर्बीण, पायात चांगले बूट, बोलणं हळू. चहा नको म्हणाले, आधी काम. मला ते आवडलं. सात वाजता आम्ही पांदणीच्या तोंडाशी पोचलो आणि मी जागच्या जागी थांबले.

शिवारभर डबे वाजत होते. डबे, थाळ्या, पत्रे, कोणाचा तरी ढोल. प्रत्येक धुऱ्यावर, शेताच्या बांधावर, माणूस. बाया ओरडत होत्या, पोरं ढेकळं फेकत होती, कोणी दिवाळीतले उरलेले सुतळी बॉम्ब लावत होतं. आभाळात एक पाखरू नाही.

धुतलेली टोपी घालून सरपंच किसनराव समोर आले. हातात झेंडूचा हार. त्यांनी तो साहेबांच्या गळ्यात, दुर्बिणीवरच घातला.

"या साहेब. पूर्ण शिवार साफ हाय. काल सांजेपासून एक बी पाखरू टिकू नाई देल्लं."

साहेबांनी माझ्याकडे पाहिलं. मी किसनरावांकडे पाहिलं. मग मला हळूहळू उलगडलं आणि कपाळात गेलं.

मागच्या वर्षी स्वच्छता अभियानाची समिती गावात आली होती. त्या वेळी किसनरावांनी नाल्या उपसल्या, उकिरडे झाकले, गुरं दोन दिवस रानात हाकलली, शेणाच्या गोवऱ्यासुद्धा घरात लपवल्या. गावाला तालुक्यात दुसरा नंबर मिळाला. यंदा माझ्या सासऱ्यांनी चावडीवर कौतुकानं सांगितलं की आमच्या सुनेकडे नागपूरहून साहेब पाखरं पाहायला येऊन राह्यले. एवढं पुरलं. कोतवाल तानबानं दवंडी दिली. मी दिवसभर गिरणीच्या आवाजात. मला दवंडी ऐकू आली नाही, आणि सांजेपासूनचे डबे रानडुकरांसाठी असतील म्हणून मी लक्ष दिलं नाही.

"किसनभाऊ," मी म्हटलं, "साहेब पाखरं पाहायला आले होते."

"तेच त म्हनतो मी. मागच्या साली समिती संडास पाहाले आलती, त आपन संडास साफ केले. आता हे पाखरं पाहाले आले, त पाखरं साफ केले. चुकलं कुठी?"

सरकारी माणूस जे पाहायला येतो ते त्याला दिसू द्यायचं नाही, हे या गावानं पन्नास वर्षांत शिकलेलं एकमेव शास्त्र आहे, आणि ते त्यांना शिकवणारे कोण, तेही सगळ्यांना ठाऊक आहे. मी किसनरावांवर ओरडले नाही, कारण ओरडायला लागले असते तर थेट मंत्रालयापर्यंत ओरडावं लागलं असतं.

साहेबांनी हार काढून झाडाला अडकवला आणि नियमाप्रमाणे मोजणी सुरू केली. बारा जागा, पाच-पाच मिनिटं. चौथ्या जागेवरून आमच्या घराचं छत दिसतं. तिथं माझे सासरे धोतर खोचून उभे होते, एका हातात थाळी, दुसऱ्यात उलथणं. सत्तरीचा माणूस, घसा पार बसलेला. मला पाहून त्यांनी थाळी उंच केली आणि घोगऱ्या आवाजात ओरडून सांगितलं, सूनबाई, तुमी निंगाल्यापासून उभा हावो, तुह्यी इज्जत राखली. मी हात हलवला. म्हाताऱ्यानं माझ्यासाठी घसा फोडला होता.

बारा जागा झाल्या. लांबच्या एका निंबावर नऊ घरचे व्हले. पाहुणे नाहीत. साहेबांनी फॉर्मवर शून्य लिहिलं आणि खाली रेघ ओढली.

मी सगळं समजावून सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं, मधे तोडलं नाही. मग म्हणाले की त्यांना परिस्थिती समजते, पण दिसलं तेच ते लिहिणार. पुन्हा यायला सवड नाही, कारण यादी सोमवारी छपाईला जाते. बाराच्या बसनं त्यांना परतायचं आहे.

राग आला की माझं डोकं थंड होतं. परतताना वाटेत योगेंद्र राजदूत घेऊन उभा होता. मी गेले आणि चाबी काढून कमरेला खोचली.

"साहेब, तुम्ही दिसलं ते लिहा. पण आधी दिसू द्या. चार-सहा तास थांबा, नाहीतर सहा किलोमीटर पायी जा."

साहेब योगेंद्रकडे वळले. योगेंद्रनं मान खाजवली आणि हळूच सांगितलं की साहेब, माह्यंही हिच्यापुढं चालत नाई.

आता खरं सांगायचं तर मी चाबी काढली तेव्हा मला पुढचं काही माहीत नव्हतं. पाहुणे कुठे गेले, परत कधी येतील, काही नाही. नुसती अडून बसले होते. साहेबांनी ते ओळखलं. चार-सहा तासांनी काय होणार आहे, असं त्यांनी सरळ विचारलं.

आम्ही उभे होतो ती सातवी जागा. बाजूला सदाशिवरावांची गावरान ज्वारी, शिवारातली शेवटची मोठी. मधोमध मचाण आणि मचाणावर अनुसयाबाई. साठीची बाई, तीस वर्षं लोकांच्या ज्वारीची राखण करते. सगळं गाव डबे बडवत असताना ती मांडीवर गोफण ठेवून सुपारी कातरत बसली होती.

"काऊन भांडून राह्यली वं दिपाली?" तिनं वरूनच विचारलं.

मी सांगितलं. पाहुणे व्हले दाखवायचे होते, गावानं हाकलले.

"हाकलले त गेले कुठी? मरन त नाई गेले. कोरडा दाना खाते थे. पानी त प्याच लागन."

"कुठी पेते?"

"खदानीवर. उनं कलली का सारेच येते. मोठेवाले बी, बारके बी."

"तुले कवापासून माहीत हाय?"

"मचानावर बसून दुसरं काय पाहू मी, सिनेमा?" अनुसयाबाईनं सुपारी तोंडात टाकली. "सहा वर्षं माह्या खालून चालली तू. कवा इचारलं?"

नव्हतं विचारलं. गाव मला हसतं म्हणून मी गावावर रागावून होते, आणि त्या रागात या बाईच्या मचाणाखालून शेकडो वेळा नाक वर करून गेले होते. फॉर्ममध्ये बारा जागा होत्या, तेरावी जागा विचारायची असते हे मला सुचलं नाही. मॅट्रिक फेल झाले तेव्हा वाईट वाटलं नव्हतं. त्या क्षणी वाटलं.

साहेब आता पुढे सरकले होते. खदानीवरच का, त्यांनी विचारलं, नाला तर जवळ आहे. अनुसयाबाईनं त्यांना वरून खालपर्यंत पाहिलं, जणू हे तर पोरालाही कळतं. नाल्याच्या काठाला बेशरम माजली आहे, त्या झुडपांत शिकरा दबा धरून बसतो, मांजर बसते. व्हला भित्रा. त्याला चारी बाजूंनी मोकळं पाहिजे. हायवेसाठी गिट्टी काढून सोडून दिलेली खदान गावाच्या उगवतीला आहे. ट्रक उतरायचे तो उतार अजून आहे, एक झुडूप नाही, आणि खाली पाणी. व्हला तिथं उतरतो, पितो, निघतो.

मी किसनरावांना डबे बंद करायला सांगायला निघाले, तर अनुसयाबाईनं थांबवलं. वाजवू दे, म्हणाली, इकडे टेकले नाहीत तर चारही शिवारांतले एकाच पाण्यावर जमतील. तीन वाजता बंद करा म्हणजे झालं. मी किसनरावांना जाऊन सांगितलं की साहेब फार खूश आहेत, तीनपर्यंत जोर कमी करू नका. किसनरावांची छाती दोन इंच फुगली.

साहेब आमच्याकडे जेवले. ज्वारीची भाकर, वांग्याची भाजी, ठेचा. ठेच्यानं त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. ते माझ्यावर रागावलेले होते आणि रागावलेले दिसू नये म्हणून दुप्पट सभ्य वागत होते. मी गिरणी चालू केली. ते ओसरीवर माझ्या सहा वर्षांच्या नोंदी चाळत बसले. एकदा आत येऊन, पट्ट्याच्या आवाजावर आवाज चढवून विचारलं की २ जानेवारी २०००, या दिवशी फक्त चार पाहुणे कसे? मी म्हटलं, धुकं होतं. दिसले तेवढेच लिहिले. परत ओसरीवर गेल्यावर साहेबांनी ते पान पुन्हा उघडलेलं मी पाहिलं.

साडेतीनला साहेब, मी आणि अनुसयाबाई खदानीवर होतो. साहेबांनी आपले नियम सांगितले आणि ते मला पटले. तिघांनी तीन बाजूंना बसायचं, एकमेकांशी बोलायचं नाही, एकमेकांचं पाहायचं नाही. फक्त पाहुणे मोजायचे, आणि फक्त पाण्यावर उतरणारे. जाताना मोजायचे नाहीत. सगळं संपल्यावर आकडा सांगायचा. साहेबांजवळ अंगठ्यानं दाबायचं मोजणीचं यंत्र होतं. माझ्याजवळ पेन्सिल आणि कागद. अनुसयाबाईला ते म्हणाले, तुम्ही नुसतं पाहिलं तरी चालेल.

"पाहाले कायले येऊ?" ती म्हणाली. "मी बी मोजतो."

तिला विसाच्या पुढं आकडा येत नाही. तिनं पदरातून गोफणीचे गोटे काढले, उजव्या गुडघ्याजवळ ढीग घातला आणि मोठ्या दगडाला टेकून बसली. वीस झाले की एक गोटा उजवीकडून डावीकडे. साहेब जरासे हसले. मी ते लक्षात ठेवलं.

चार वाजले. काही नाही. गावातले डबे बंद होऊन तास झाला होता. सव्वाचारला घरचे व्हले आले, पाच-सहा, उतारावर तुरुतुरु चालत गेले, पिऊन गेले. पुन्हा काही नाही. समोरच्या काठावर साहेबांनी घड्याळ पाहिलेलं मला दिसलं. मनात आलं, अनुसयाबाईही चुकू शकते. गावानं इतका धिंगाणा घातला, निघून गेले असतील नदीच्या पलीकडे, हिंगणघाटकडे, कुठेही. सहा हिवाळे. एक रेघ ओढली की संपलं.

मग कड्यावर तीन काळे ठिपके दिसले.

पाहुणा घरच्यासारखा सरळ उतरत नाही. आधी कड्यावर बसतो, मान वळवून सगळीकडे पाहतो. ते तिघे बसले. त्यांच्या बाजूला पाच बसले. मग अकरा. उन्हाची तिरीप त्यांच्या छातीवर पडली होती आणि छात्या गुलाबी दिसत होत्या. एकानं पंख उघडले आणि तो उतारावर आला. बस. मागचे सगळे एकदम सुटले.

व्हला पाणी कसा पितो, पाहिलंय का कधी? कोंबडी घोट घेते आणि मान वर करते. व्हला चोच बुडवतो आणि म्हशीसारखा ओढतो, मान वर नाही, थांबणं नाही. दहा सेकंद, आणि फड्‌ड्‌ करून उडाला. त्याच्या जागी दुसरा. उगवतीकडून थवे येतच होते, सात, तेरा, एकदम तीस. कड्याची धार पूर्ण भरली, जागा उरली नाही, तर मागचे पुढच्यांवर टेकायला लागले. गावानं चारी बाजूंनी हाकललेला एकेक पाहुणा तहानेनं तिथं आला होता. किसनरावांच्या डब्यांनी शिकारीतल्यासारखा असा हाका केला होता की ठरवून कोणाला जमला नसता. माझी पेन्सिल चालत होती. पाच रेघा, आडवी एक. पाच रेघा, आडवी एक. ओरडावंसं वाटत होतं, पण नियम होता.

मधे एकदा शिकरा आला. खालून, पाण्याला घासून. सगळा काठ एकदम उठला, पंखांचा असा आवाज झाला की छातीत जाणवला. शिकऱ्याच्या हाती काही लागलं नाही. व्हले एक चक्कर मारून पुन्हा आले, कारण तहान शिकऱ्यापेक्षा मोठी असते.

सव्वापाचला शेवटचे दोन पिऊन गेले. पाणी हललं आणि थांबलं.

मग साहेब उतारावर आले. मी आले. अनुसयाबाई बसलीच राहिली, गोटे हलू नयेत म्हणून.

"तुमचा?" साहेबांनी मला विचारलं.

मी बेरीज दोनदा केली. सहाशे एक्क्याण्णव.

साहेबांनी यंत्र माझ्यासमोर धरलं. सहाशे चौऱ्याहत्तर.

मला रडू आलं असतं, पण सतरा कमी का, हे डोक्यात अडकलं होतं. दोघं अनुसयाबाईकडे गेलो. साहेबांनी खाली बसून तिचे डावीकडचे गोटे स्वतः मोजले. चौतीस. आणि तिनं डाव्या हाताची तीन बोटं मिटून धरली होती, वरचे तीन. सहाशे त्र्याऐंशी.

"तुम्हां दोघांचं बी चुकलं," अनुसयाबाई म्हणाली. "हिनं आनंदात आठ जनाले दोनदा धरलं. शिकऱ्यानं उठवले, चक्कर मारून आले, थे परत लिहिले. अन् साहेब, तुमी शिकरा पाहाले दुर्बीन लावली. तवा डाव्या कोपऱ्यात नऊ उतरले, पिऊन बी गेले. तुमची पाठ होती तिकडं."

साहेबांनी यंत्राकडे पाहिलं, शिकरा आला होता त्या बाजूला पाहिलं, आणि बोटांवर काहीतरी केलं. चौऱ्याहत्तर आणि नऊ. त्यांनी फॉर्म काढला. सकाळचं ते शून्य तसंच राहू दिलं, कारण ते खरं होतं. शेजारी डबे वाजवल्याचं कारण लिहिलं. त्याखाली नवी ओळ घातली, जागा खदान, वेळ, आणि आकड्याच्या रकान्यात स्वतःचा नाही, माझा नाही, अनुसयाबाईचा. ६८३.

"इतके पाहुणे मी एका जागी कधीच पाहिले नाहीत," ते म्हणाले. "जिथं पावणेसातशे पाणी पितात, तिथं रस्त्यावर दोनशे दिसण्यात काही नवल नाही. सहाही वर्षं राहतील, दिपालीताई."

"तोंडानं नको," मी म्हटलं. "पत्र लिहून आलं होतं. आताही लिहा."

त्यांनी लिहिलं. उतारावरच, गुडघ्यावर कागद ठेवून. माझी चूक झाली, असंसुद्धा लिहिलं, आणि ते मी सांगितलं नव्हतं. सही केली. मग मोजणाऱ्यांची नावं विचारली. माझं दिलं. अनुसयाबाई घाबरली, नाव कायले पाह्यजे, पोलिस येते का? साहेब म्हणाले, नाही, पुढच्या हिवाळ्यापासून खदानीवरची मोजणी तुमच्या नावानं राहील. तिनं पदर सारखा केला आणि नवऱ्याचं नाव, आडनाव, गाव, सगळं लांबलचक सांगितलं. साहेबांनी एकही अक्षर गाळलं नाही.

खदानीच्या वर अर्धं गाव जमलं होतं. किसनराव सगळ्यांच्या पुढे, सकाळपेक्षा टोपी मळलेली. साहेबांना त्यांनी विचारलं की नंबर किती मिळाला. साहेबांनी गंभीरपणे सांगितलं, जिल्ह्यात पहिला. किसनराव वळले आणि गावाकडे तोंड करून दोन्ही हात वर केले, जणू सहाशे त्र्याऐंशी व्हले त्यांनीच घरून आणून सोडले होते. सासऱ्यांचा आवाज पूर्ण गेला होता. ते नुसते माझ्याकडे पाहून मान डोलावत होते, डोलावत होते.

मी कमरेची चाबी काढून योगेंद्रला दिली. बस केव्हाच गेली होती, साहेब आमच्याकडेच मुक्कामाला थांबणार होते, उद्या सकाळी पांदणीवर डब्यांशिवाय पुन्हा मोजायचं असं त्यांनीच ठरवलं. राजदूतवर ते आणि योगेंद्र पुढे गेले. मी आणि अनुसयाबाई पायी निघालो, गावाच्या मधल्या रस्त्यानं, मुद्दाम. आनंदाबाई दारात उभ्या होत्या. ओट्या-ओट्यावर माणसं होती, सहा वर्षं हसलेली सगळी. ज्यांनी विचारलं त्यांना मी आकडा सांगितला. ज्यांनी नाही विचारलं, त्यांच्या दारात थांबून सांगितला.